हळद शिजताना कॅमेरा कुठं ठेवायचा

मी सांगलीत लग्नांचं शूटिंग करतो. फोटो, व्हिडिओ, प्री-वेडिंग, सगळं. या धंद्यात हळदीचा कार्यक्रम आता लग्नाच्या तोडीचा झालाय. नवरीच्या मैत्रिणी एकदम हळद उधळतात, ती स्लो मोशनमध्ये खाली येते, आणि मनासारखी आली नाही तर पुन्हा उधळतात. हे काम मी मन लावून करतो, त्यावर माझं घर चालतं. पण मांडून काढलेलं चित्र हाच त्या कामाचा पाया आहे. तिथं कॅमेरा सांगतो आणि माणसं तसं वागतात. याच्या उलट काही करावं, म्हणजे माणसं आपल्या कामात असतील आणि कॅमेरा त्यांच्या कलानं चालेल, हे बरीच वर्षं मनात होतं. गेल्या हंगामात ते केलं. कृष्णेपलीकडं, कसबे डिग्रजच्या बाजूच्या एका गावात एका शेतकरी कुटुंबाच्या मागं राहून हळदीच्या काढणीपासून पॉलिशपर्यंतचा छोटा माहितीपट केला. निवेदन नाही, मुलाखत नाही, पार्श्वसंगीत नाही.

ते कसं केलं हे सविस्तर लिहायचं कारण असं, की या निरीक्षणाच्या शैलीबद्दल आपल्याकडं फार सरसकट बोललं जातं. 'कॅमेरा लावून ठेवायचा, जे घडेल ते घडेल, त्यात काय करायचंय?' असं मला आमच्याच धंद्यातल्या मित्रांनी तोंडावर विचारलंय. माझा अनुभव नेमका उलटा आहे. मांडून काढताना जेवढे निर्णय घ्यावे लागतात त्यापेक्षा जास्त निर्णय न मांडता काढताना घ्यावे लागतात, आणि ते घ्यायला समोरचं काम आपल्याला कळावं लागतं. हळद कशी शिजते हे ज्याला माहीत नाही त्याला कॅमेरा कुठं ठेवायचा हेही कळणार नाही.

ही पद्धत माझी नाही, नवीही नाही. १९६० साली अमेरिकेत रॉबर्ट ड्रू आणि त्याच्या सोबत्यांनी केनेडी आणि हम्फ्री या उमेदवारांच्या प्रचाराच्या मागं फिरून माहितीपट केला. त्याआधी कॅमेरे जड, आवाजाची यंत्रं त्याहून जड. त्यामुळं माणसालाच कॅमेऱ्यापुढं येऊन बसावं लागायचं. खांद्यावर घेता येईल असा कॅमेरा आणि सोबत नेता येईल असं आवाजाचं यंत्र हाताशी आलं, तेव्हा कॅमेरा माणसामागून दारातून आत जाऊ शकला. मग फ्रेडरिक वाइजमन. १९६७ पासून त्यानं इस्पितळं, शाळा, कोर्टं, सरकारी कचेऱ्या अशा जागांवर सिनेमे केले, त्यात कुणी काही समजावून सांगत नाही. मला त्याची एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते. शूटिंगच्या वेळी तो कॅमेरा दुसऱ्याच्या हातात द्यायचा आणि स्वतः आवाज घ्यायचा. याचा अर्थ मला खूप उशिरा, शेतात उभं राहिल्यावर लागला. त्याबद्दल पुढं लिहितो.

मराठीतही याच्या जवळचं काम झालंय. चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' २०१४ साली व्हेनिसला गौरवला गेला. ती रचलेली कथा आहे, पण त्यात कॅमेरा लांब उभा राहतो, हलत नाही, आणि पडद्यावरची बरीच माणसं नट नाहीत. मी तो पहिल्यांदा पाहिला तेव्हा कोर्टातली कंटाळवाणी मिनिटं पाहूनच खुर्चीत सरसावून बसलो होतो. एवढ्या साध्या गोष्टीकडं इतका वेळ बघू दिलं तर ती साधी राहत नाही, हे तिथं कळलं.

हळदच का, तर ती आमच्या नाकासमोर आहे आणि तिचं काम कुणी बघत नाही. सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा पेपरात पिवळ्याधमक ढिगांचे फोटो आले. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांच्या वर गेलं, तेव्हा आम्ही सगळेच कॅमेरे घेऊन बाहेर पडलो होतो. पूर आला की सगळे फोटोग्राफर. पण आखाजीला लावलेलं पीक आठ-नऊ महिने जमिनीत राहून माघ-फाल्गुनात बाहेर निघतं, शिजतं, वाळतं, घासलं जातं, यातलं काही बातमी होण्याजोगं नाही. नेमकं म्हणूनच मला ते हवं होतं.

घर ओळखीतून मिळालं. घरातले मोठे आबा, त्यांचा मुलगा, सून म्हणजे आमच्या वहिनी, आणि काढणीला येणाऱ्या बायकांची टोळी. टोळीचा कारभार आक्कांकडं. पहिल्या फेऱ्यांना मी कॅमेरा नेलाच नाही. आबांनी विचारलं, "काय बगायचं हाय ह्यात? हळद हाय, सगळीकडं तसलीच." मी म्हटलं, तेच बघायचंय. त्यांना ते पटलं नाही, पण "या की मग" म्हणाले. आक्कांचा प्रश्न वेगळा होता. "आमाला बोलायचं काय ते आदी सांगशीला न्हवं?" काही सांगणार नाही म्हटल्यावर त्यांनी बाकीच्या बायकांकडं बघितलं. "नेमीसारखं बोलायचं म्हंजे शिव्या येत्यात बगा." मी म्हटलं, येऊ द्यात.

इथं सांगलीबद्दल एक सांगतो. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली याच गावात 'सीता स्वयंवर' उभं केलं, नाटककार देवल शेजारच्या हरिपूरचे. नाटक आमच्या अंगात आहे आणि त्याचा मला अभिमान आहे. पण त्यामुळं कॅमेरा दिसला की आमच्याकडची माणसं लाजून बसत नाहीत, ती काम करून दाखवायला लागतात. पहिल्या दिवशी कॅमेरा काढल्यावर टोळीतल्या एका मावशींनी हळकुंडं मोडण्याचा वेग दुप्पट केला आणि माझ्याकडं बघून मान डोलावली. लाजरा माणूस तासाभरात विसरतो. दाखवणारा माणूस सहसा विसरत नाही, तो थकतो. तो थकेपर्यंत थांबायचं. कॅमेरा सुरू ठेवून थांबलो नाही, कारण चालू कॅमेऱ्यासमोर माणूस थकत नाही. बांधावर बसलो, पाणी प्यायलो, त्यांच्याबरोबर हळद मोडली. हात पिवळे झाले ते आठवडाभर तसेच राहिले, आणि त्या पिवळ्या हातांनी एका साखरपुड्याचं शूटिंग केलं तेव्हा नवरदेवाच्या काकांनी विचारलं, "आजच हळद होती का कुठं?"

हळद मोडणं म्हणजे काय, ते सांगायला हवं, कारण तिथूनच माझी पहिली चौकट सापडली. वरचा पाला कापून घेतात, मग कुदळीनं किंवा ट्रॅक्टरनं कांदा उकरतात. तो कांदा म्हणजे मधला गड्डा आणि त्याला चिकटलेली बोटं. बायका ओळीनं बसतात आणि माती झाडून बोटं गड्ड्यापासून मोडून वेगळी करतात. गड्डे एका बाजूला, हळकुंडं दुसऱ्या बाजूला. चांगले टपोरे जेठे गड्डे पुढच्या साली बेण्याला. हे सगळं जमिनीलगत, गुडघ्याच्या खाली चालतं. उभं राहून कॅमेरा रोखला की बायकांच्या फक्त पाठी आणि पदर दिसतात, आणि चित्रात एक वरून बघितल्याचा भाव येतो तो मला अजिबात नको होता. मी मोडायला बसलो तेव्हा माझे डोळे जिथं होते, तिथंच पुढं कॅमेरा ठेवला, जमिनीपासून हातभर उंचीवर. मग हात दिसले, हातांपलीकडं चेहरे दिसले, आणि दोन बायका एकमेकींशी बोलताना मान न वळवता कशा बोलतात ते दिसलं. हात आणि डोळे कामावर, आणि बोलणं शेजारणीकडं. कितीही हुशार दिग्दर्शकानं ते रचायला घेतलं असतं तर त्यानं बायकांना एकमेकींकडं बघायला लावलं असतं.

लेन्स एकच वापरली, ३५ मि.मी. लग्नात मी लांब पल्ल्याची झूम वापरतो, स्टेजवरचं मांडवाच्या टोकाकडून काढता येतं. इथं ती बॅगेतच ठेवली. लांबून काढलं की माणसाला कळत नाही आपण चित्रात आहोत, आणि बरेच जण त्यालाच नैसर्गिक म्हणतात. मला ते चोरून बघणं वाटतं. ३५ ला चेहरा हवा असेल तर दोन-तीन हातांवर जावं लागतं. तेवढ्या जवळ तुम्ही असलात की समोरच्याला तुम्ही आहात हे माहीत असतं, आणि माहीत असूनही तो आपलं काम करत राहतो. मला वाटतं निरीक्षणाची शैली या दुसऱ्या प्रकारालाच म्हणावं. रघुबीर सिंग यांनी ॲम्बॅसिडर गाडीतून फिरत, गाडीची दारं-खिडक्या चौकटीत ठेवून आपल्या देशातले फोटो काढले. मी कुठून बघतोय हे त्यांनी लपवलं नाही. त्यांचं काम मी पुन्हापुन्हा बघतो ते याच प्रामाणिकपणासाठी.

त्यांच्यामुळंच रंगाचाही विचार झाला. हळदीचा रंग ही या कामातली मोठी अडचण आहे. सगळी चौकट पिवळी असली की कॅमेऱ्याचा ऑटो व्हाइट बॅलन्स, म्हणजे रंगांचा तोल आपोआप ठरवणारी सोय, त्या पिवळ्याला चूक समजतो आणि चित्रात निळा ओढतो. मग हळद फिकट, मातकट दिसते आणि माणसांची कातडी आजारी. म्हणून दिवसा बॅलन्स ५६०० केल्व्हिनवर पक्का केला आणि नंतर त्याला हात लावला नाही. हा तांत्रिक भाग झाला. त्याहून मोठा प्रश्न नंतर, रंग दुरुस्त करताना आला. लग्नाच्या व्हिडिओत मी पिवळा भडक करतो, गिऱ्हाइकाला तोच हवा असतो. उलट हल्लीच्या स्वतंत्र सिनेमात आणि फोटोग्राफीत रंग उडवायची रीत पडलीय. सगळं राखाडी, धुरकट केलं की ते आपोआप खरं आणि गंभीर वाटतं अशी समजूत आहे. माझ्या मते भडक पिवळा जेवढा खोटा तेवढाच हा राखाडीही खोटा. फाल्गुनात दुपारी खळ्यावर हळद पसरलेली असते तेव्हा ती डोळ्याला खरंच लागते. नुकती शिजलेली हळद मात्र पिवळी नसतेच, ती तपकिरी, ओली, मातीच्या रंगाची असते. तिचा पिवळा वाळताना आणि घासताना वर येतो. हा बदल दिसावा म्हणून मी कुठल्याच टप्प्याचा रंग वाढवला किंवा कमी केला नाही. प्रेक्षकाला तो बदल पंधरा-वीस मिनिटांत कळला पाहिजे, आणि तो कळतो.

आता कुकर. पूर्वी मोठ्या काहिलीत पाणी घालून, वर पाला आणि पोती टाकून हळद शिजवायचे. आबांनी ते केलंय. आता भाड्याचा वाफेचा कुकर येतो, ट्रॅक्टरमागं जोडून या शेतातून त्या शेतात फिरतो. मध्ये पाण्याची टाकी, खाली जाळ, टाकीतून नळ्यांनी वाफ ड्रममध्ये जाते. एक ड्रम शिजत असतो तोवर दुसरा भरतात. शिजली की नाही हे घड्याळावर ठरत नाही. वाफेचा वास बदलतो, मग एखादं हळकुंड काढून त्यात काडी खुपसतात. आरपार गेली की झालं. कच्ची राहिली तर नीट वाळत नाही, जास्त शिजली तर रंग जातो आणि भाव पडतो. त्यामुळं काडी खुपसायच्या त्या वेळी कुकरवाल्याच्या चेहऱ्यावर जे असतं ते मला या सगळ्या कामात सर्वांत महत्त्वाचं वाटलं. वर्षभराचं पीक तिथं त्या काडीवर येऊन थांबलेलं असतं.

तिथं उभं कुठं राहायचं? पहाटे वारा नदीकडून येतो आणि झाकण उघडलं की वाफेचा लोट एका बाजूला जातो. त्या बाजूला उभं राहिलं तर फार देखणं चित्र मिळतं, वाफेत हरवलेली माणसं, मागून उगवता सूर्य. पण तिथून काडी दिसत नाही. काडी बघायची तर वाऱ्याच्या वरच्या अंगाला, कुकरवाल्याच्या डाव्या खांद्यापाशी उभं राहायला हवं, जिथं मदतीचा पोरगा उभा असतो. तिथं वाफ कमी, चित्र साधं, मागं ट्रॅक्टरचं चाक. मी तीच जागा घेतली. देखणं चित्र की काम, असं निवडायची वेळ जिथं आली तिथं मी काम निवडलं, आणि आता तयार माहितीपट बघताना ते बरोबर वाटतं. त्या पोराला विचारलं, इथं उभा राहिलो तर चालेल का? तो म्हणाला, "ऱ्हावा की, पन म्या म्हनलं की मागं सरायचं. ड्रम उलटा कराय लागतोय." त्याच्या त्या एका वाक्यानं माझी सगळी हालचाल ठरली. ड्रम उलटायची वेळ आली की दोन पावलं मागं, रिकामा झाला की दोन पावलं पुढं. नंतर चित्र बघणाऱ्या एका मित्रानं विचारलं, कॅमेरा इतका लयीत कसा हलतो? तो लयीत हलत नाही, तो भाजायचं टाळतोय.

एकदा ड्रम उघडताना माझी बॅटरी बदलणं चाललं होतं. कुकरवाल्यानं ते बघितलं आणि म्हणाला, "परत झाकन लावून उगडू का? काय न्हाय हुत त्याला." किती सहज म्हणाला. लग्नात मी हेच शंभरदा मागतो: हार परत घाला, अक्षता परत टाका. इथं मी नको म्हटलं. कारण पुढचा ड्रम होताच. कष्टाच्या कामाची एक गोष्ट या शैलीला फार सोयीची आहे: ते पुन्हापुन्हा होतं. आज हुकलं तर उद्या, या ड्रमला नाही तर त्या ड्रमला. म्हणून निरीक्षणाची शैली शिकायची असेल तर सण-समारंभाच्या मागं जाऊ नये, कामाच्या मागं जावं असं मी नव्या पोरांना सांगतो. समारंभ एकदाच होतो आणि मग तुम्ही घाईवर येता.

रात्रीचं वेगळं. शेतीची थ्री फेज लाईट आठवड्याच्या पाळीप्रमाणं कधी रात्री येते. शिजलेली हळद रात्री गोळा करून झाकावी लागते, दव धरू नये म्हणून. शेडमध्ये एक एलईडी बल्ब, खाली चुलीचा उजेड. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळं दिवे सेकंदाला शंभरदा लुकलुकतात. सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद ठेवलं की पडद्यावर पट्टे येत नाहीत. मी जादा दिवा लावला नाही. अंधार अंधारच ठेवला. सत्यजित राय यांचे छायाचित्रकार सुब्रत मित्र यांनी 'अपराजितो' साठी स्टुडिओत बांधलेल्या वाड्यावर पांढरं कापड ताणून त्यावरून उजेड परतवला होता, खऱ्या अंगणात आभाळाचा उजेड उतरतो तसा. त्यासाठी त्यांनी केवढी यातायात केली! नैसर्गिक दिसणारा उजेड म्हणजे फुकटचा उजेड असं नाही. माझ्याकडं तेवढी साधनं नव्हती, म्हणून मी वहिनींना एवढंच विचारलं की बल्ब नेहमी असतो तिथंच राहू द्यायचा का. त्या म्हणाल्या, "हलवला तर आमालाच दिसंना की." झालं.

आवाजाबद्दल लिहायचं राहिलंय, आणि मला सर्वांत जास्त त्याबद्दलच लिहायचंय. पहिल्या आठवड्यानंतर मी कॅमेरा माझ्या भाच्याकडं दिला आणि स्वतः माइक घेतला. वाइजमन तसं का करायचा हे मग कळलं. कॅमेरा धरणारा एका दिशेला बांधलेला असतो. कानाला दिशा नसते. मागं कुणी काय म्हणालं, ट्रॅक्टर कुठं वळला, आबा खोकत येतायत, हे सगळं कानात आधी येतं आणि मग तुम्ही भाच्याला कोपरानं खुणावता. माइकवरच्या केसाळ टोपणाला पोरांनी मांजर नाव ठेवलं होतं. ते मांजर घेऊन मी बसायचो.

वाळलेल्या हळदीला आवाज असतो. ताडपत्रीवर दोन बोटं जाडीचा थर पसरून ती पंधरा दिवसांच्या आसपास उन्हात राहते. पाच क्विंटल ओल्या हळदीची वाळून साधारण एक क्विंटल होते. रोज आबा पायानं थर चाळवतात. पहिल्या दिवसांत तो आवाज ओल्या चिखलासारखा, दबका येतो. मग हळूहळू कोरडा होतो, आणि शेवटी खडखड वाजायला लागतो. हळकुंड मोडलं तर धातू मोडल्यासारखा टणकन आवाज येतो. तो आला की हळद वाळली. आबा डोळ्यांनी बघत नव्हते, ते ऐकत होते. माहितीपटात मी एकाच जागेवरून, एकाच उंचीवरून त्यांचा चाळवणारा पाय वेगवेगळ्या दिवशी ठेवलाय आणि तेवढ्यातच सगळी वाळवण सांगितलीय. तिथं बासरी घाल, फार छान लागेल, असं एका संगीतकार मित्रानं अगदी प्रेमानं सुचवलं होतं. बासरी घातली असती तर हळदीचा आवाज कुणालाच ऐकू आला नसता, आणि आबांना काय कळत होतं हे प्रेक्षकाला कधीच कळलं नसतं.

आवाज हा चित्रापेक्षा जास्त खासगी असतो, हेही तिथंच कळलं. एका दुपारी टोळीतल्या एका मावशींना फोन आला. त्या मोडत मोडत खांद्याशी फोन दाबून बोलत होत्या. मुलीचं ठरत आलेलं लग्न मोडत होतं, देण्याघेण्यावरून. माझ्या कानात हेडफोन, माइक समोर. सगळं स्वच्छ ऐकू येत होतं. त्यांचे हात क्षणभरही थांबले नाहीत. बोलणं संपलं, फोन कमरेला खोचला, आणि त्या तशाच मोडत राहिल्या. मी रेकॉर्डर बंद केला नाही, कारण बंद करायला हात हलवला असता तर सगळ्यांचं लक्ष त्यांच्याकडं गेलं असतं. संध्याकाळी त्यांना बाजूला बोलावून हेडफोन दिला आणि ऐकवलं. त्या शेवटपर्यंत ऐकून म्हणाल्या, "पोरीचं नाव हाय त्यात. ते नको. माजं हात ऱ्हाऊ द्यात." सगळा फोनच काढून टाकला. हात ठेवले, त्यांच्यावर शेताचा साधा आवाज घातला. प्रत्येक जागेचा मिनिटभर नुसता आवाज मी घेऊन ठेवायचो, तो अशा वेळी कामी येतो. ज्याला त्या फोनबद्दल माहीत नाही त्याला तिथं फक्त काम करणारी बाई दिसते. मला ते पुरेसं आहे. काही जण म्हणाले, माहितीपटातली सगळ्यात जोरदार गोष्ट तू फेकून दिलीस. जोरदार होती, पण ती माझी नव्हती.

संकलन पावसाळ्यात केलं, लग्नं नसतात तेव्हा. तिथं स्वतःला दोनच बंधनं घातली. वेगवेगळ्या दिवसांचं काम जोडायचं, कारण शिजवणं आज झालं की उद्या, याला फरक पडत नाही. पण एका दिवशीच्या प्रश्नाला दुसऱ्या दिवशीचं उत्तर जोडायचं नाही. आक्का आबांना मजुरीबद्दल विचारतात आणि आबा नुसते हसतात, ते त्याच क्षणीचं हसू आहे. दुसरीकडचं हसू तिथं लावलं असतं तर आबा एकदम निर्दय दिसले असते, किंवा एकदम मायाळू. संकलनात ते दोन्ही अगदी दोन मिनिटांचं काम होतं. दुसरं बंधन कॅमेऱ्याच्या हलण्याबद्दल. हलता कॅमेरा म्हणजे खरं आणि स्थिर कॅमेरा म्हणजे बनावट, असा एक भाबडा हिशेब हल्ली सगळीकडं दिसतो, मोबाइलवरच्या जाहिरातीसुद्धा मुद्दाम हलवतात. आमचा कॅमेरा माणूस हलला तरच हलला. जिथं भाच्याचा हात नुसताच थरथरला होता ते तुकडे काढले.

तयार झाल्यावर तो पहिल्यांदा आबांच्याच खळ्यावर दाखवला. भिंतीवर चादर, भाड्याचा प्रोजेक्टर, आणि लाईट रात्रीची असल्यामुळं सगळ्यांना उशिरापर्यंत बसावं लागलं. टोळीतल्या बायका पोरंबाळं घेऊन आल्या. त्यांना स्वतःचे चेहरे बघून जेवढी गंमत वाटली त्याहून जास्त चर्चा कामाची झाली. "ह्यो ड्रम कमी शिजला हुता बग," असं कुणीतरी पडद्याकडं बोट करून म्हणालं, आणि कुकरवाला तावातावानं उठला. त्यांचं भांडण बराच वेळ चाललं. मला त्या भांडणाएवढी मोठी पावती कुणी दिली नाही. पुण्यातल्या एका जाणकारानं चौकटींचं कौतुक केलं होतं, तेही आवडलं. पण चित्रात हळद शिजली की नाही यावर शिजवणारेच भांडू शकतात, याचा अर्थ ती चित्रात खरोखर दिसतेय.

आबा मात्र शेवटपर्यंत गप्प होते. पॉलिशचा जाळीचा ड्रम फिरतो, पिवळी धूळ उडते, पोती शिवली जातात, ट्रॉली गावाबाहेर पडते, तिथं माहितीपट संपतो. दिवा लागल्यावर ते म्हणाले, "शिजीवलं, वाळीवलं, समदं बरोबर हाय. पैसं कुटं आलं?" त्यांच्या लेखी हळदीची गोष्ट मार्केट यार्डात सौदा झाल्यावर संपते. माझ्या लेखी या माहितीपटाची गोष्ट गावातलं काम संपल्यावर संपते, आणि मी ती तशीच ठेवलीय. आमचं यावर एकमत झालेलं नाही. पण सौद्याचा वेगळा माहितीपट व्हायला हवा हे मला त्यांच्यामुळंच पटलं. बाजारातल्या एका अडत्याशी बोललो, हमालांशी बोललो. हमालांचं म्हणणं सरळ आहे: पोती जातात त्या वाटेत उभं राहायचं नाही, बाकी कुठंही राहा. अडत्याची अट अवघड आहे. चित्र घ्या म्हणतात, पण भाव बोलले जातात तेव्हाचा आवाज घ्यायचा नाही. सौद्यातला आवाज काढला तर उरतं काय, हे मला अजून सुचलेलं नाही. हंगाम सुरू व्हायच्या आत त्यांना आबांच्या खळ्यावरचा माहितीपट दाखवणार आहे, आणि मग पुन्हा विचारणार आहे.